वाचक विचारतात : हरणाच्या पोटातला बाण, बाणाखालचा धूर आणि ग्रहांच्या बातम्या

मागच्या अंकात मृग नक्षत्रावर चार ओळी टाकल्या होत्या, रात्री जेवणं झाली की गच्चीवर नाहीतर रानात जाऊन बघा आणि काय डोक्यात येईल ते कळवा, एवढंच म्हटलं होतं. मेसेज भरपूर आले. सगळे छापणं काही जमणार नाही, म्हणून एकाच विषयाचे एकत्र केलेत, भाषा मात्र शक्यतो तुमचीच ठेवलीय.

नमस्कार सर. सध्या थ्री फेज लाईट रात्रीची असतीय त्यामुळं हरभऱ्याला पाणी द्यायला रातच्याला रानात जावं लागतंय. दारं धरता धरता वर बघितलं की हरण आन मागं व्याध, अगदी डोक्यावर. आज्यापासून ऐकत आलोय की मिरग जूनात निघतो आन मग पेरणी. मग जूनात निघणारं नक्षत्र जानेवारीत कसं काय दिसायलंय? जूनात बघावं तर सापडत नाही. — शेतकरी, केज तालुका

दादा, प्रश्न एक नंबर आहे. गावात निम्म्या लोकांच्या मनात हा येऊन जातो, विचारत मात्र कुणी नाही.

पंचांगात मृगाची जी ७-८ जूनची तारीख असते ती सूर्याची तारीख आहे. त्या दिवशी सूर्य आकाशाच्या त्या पट्ट्यात शिरतो, हरणाच्या डोक्याच्या जरा वरच्या अंगाला. आता सूर्यच जिथं जाऊन बसलाय तिथले तारे दिसणार कसे, ते त्याच्यासोबत उगवतात, त्याच्यासोबत मावळतात, दिवसभर आपल्या डोक्यावरच असतात पण उजेडात गडप. सहा महिन्यांनी पृथ्वी सूर्याच्या पलीकडच्या अंगाला गेलेली असते, मग मृग सूर्याच्या बरोबर समोर येतं, त्यामुळं डिसेंबरच्या मधल्या आठवड्यात सूर्य मावळायच्या सुमारास ते पूर्वेला उगवतं आणि रात्री साडेबाराच्या आसपास सगळ्यात वर असतं. तारे रोज चार मिनिटं लवकर उगवतात, म्हणजे महिन्याला दोन तास. तुम्ही जानेवारीत दहा-साडेदहाला डोक्यावर बघताय ते फेब्रुवारीत साडेआठलाच वर असेल, एप्रिलमध्ये अंधार पडेपर्यंत पश्चिमेला कललेलं असेल, मे संपता संपता हातातून जाईल आणि मग जुलैच्या शेवटी पहाटे पूर्वेला परत हजर.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची, कारण ती पेरणीशी जोडलेली आहे. पृथ्वीचा आस फार सावकाश डुलतो, एक फेरी सुमारे २६ हजार वर्षांची, म्हणजे ७२ वर्षांत एक अंश. आपली नक्षत्रं ताऱ्यांना बांधलेली आणि पाऊस ऋतूला बांधलेला, त्यामुळं सूर्य मृगात जायची तारीख ऋतूच्या मानानं दर ७२ वर्षांनी एकेक दिवस पुढं सरकते. दीड हजार वर्षांपूर्वी मृग आजच्या हिशोबानं मेच्या मध्यालाच लागत होता, आणि मेच्या मध्यात आपल्याकडं पाऊस तेव्हाही नव्हता आणि आत्ताही नसतो. तेव्हा मृग ही तारीख आहे, पावसाची गॅरंटी नाही, वाहन म्हैस असो नाहीतर कोल्हा. कृषी विभाग दरवर्षी घसा कोरडा करून सांगतो की ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरू नका, ते ऐका. दुबार पेरणीचा खर्च नक्षत्र देत नसतं.

सर, आमच्या कॉलेजच्या ग्राउंडवर दुर्बीण आणली होती, मृगातला तेजोमेघ दाखवणार म्हणून थंडीत तासभर रांगेत उभे राहिलो आणि दिसलं काय तर राखाडी डाग!! गुगलवर तर गुलाबी, जांभळा, निळा असा भारी फोटो आहे. फोटो फेक असतात का? — बीएस्सीची विद्यार्थिनी, परभणी

नाही गं बेटा, फोटो फेक नाहीत आणि दुर्बीणवाल्यांनीही तुला गंडवलं नाही. तेजोमेघ म्हणजे आकाशातला गॅस आणि धुळीचा ढग, त्याचा उजेड फार पुसट. अंधुक उजेडात डोळ्याच्या ज्या पेशी काम करतात त्यांना रंग कळतच नाही, त्यांना फक्त उजेड आहे की नाही तेवढं कळतं. म्हणून राखाडी. मोठ्या दुर्बिणीतून काहींना हिरवट छटा दिसते, ती तिथल्या ऑक्सिजनची. कॅमेऱ्याचं तसं नाही, तो मिनिटंच्या मिनिटं, कधी तासंतास प्रकाश साठवत बसतो, मग हायड्रोजनचा लाल रंग वर येतो आणि फोटो गुलाबी होतो. जेम्स वेब या अवकाशातल्या दुर्बिणीच्या फोटोंचं प्रकरण आणखी वेगळं, ती दुर्बीण मुळात इन्फ्रारेडमध्ये बघते, जे आपल्याला दिसतच नाही, तेव्हा तिथले रंग माणसांनी वाटून दिलेले असतात, कुठल्या तरंगलांबीला कुठला रंग ते ठरवून. यात खोटेपणा नाही, पण 'तिथं गेलं की असंच दिसेल' असंही समजू नकोस.

आता बाकीच्यांसाठी, हा डाग सापडवायचा कसा. हरणाच्या पोटात तीन तारे एका ओळीत, आपला बाण, काही गावांत याला तिकांडं म्हणतात. त्या बाणाच्या खाली, दक्षिणेच्या बाजूला, अजून तीन बारीक ठिपके उभ्या ओळीत दिसतील. त्यातला मधला ठिपका नीट बघितला तर कडा पुसल्यासारखा वाटतो. तोच, एम-४२, मृगातला मोठा तेजोमेघ. गावाबाहेर अंधारात नुसत्या डोळ्यांनी कळतो, साध्या ७×५० किंवा १०×५० बायनाक्युलरनं तर मस्तच. आणि दुर्बिणीतून बघताना एक करायचं, नजर त्याच्यावर न रोखता किंचित बाजूला बघायचं, अर्ध्या मिनिटात डागाला पंख फुटल्यासारखे दोन्हीकडं विस्तार दिसायला लागतो. रांगेत मागचा ढोसत असतो 'झालं का, झालं का' म्हणून, त्यामुळं बहुतेकांचं बघायचं राहतं ते हेच.

त्या डागाच्या मधोमध चार तारे अगदी जवळजवळ आहेत, ट्रॅपेझियम म्हणतात. सगळा खेळ त्या चौघांचा, आणि चौघांतही एकाचाच जास्त. तो एकटा सूर्याच्या तीसेक पटींहून वजनदार आणि पृष्ठभागाचं तापमान ३५ हजार अंशांच्या वर. त्याच्या अल्ट्राव्हायोलेट माऱ्यानं आजूबाजूचा गॅस पेटलेला दिसतो. पेटलेला म्हणजे जळत नाही बरं का, अणूंमधले इलेक्ट्रॉन उडतात, परत बसतात आणि बसताना प्रकाश सोडतात. सगळा पसारा साधारण २४ प्रकाशवर्षं रुंद आणि आपल्यापासून १३०० प्रकाशवर्षं लांब. म्हणजे तू बघितलास तो राखाडी उजेड जेव्हा तिथून निघाला तेव्हा वेरूळचं कैलास लेणं कोरायला अजून सुरुवात व्हायची होती.

गंमत अशी की गॅलिलिओनं १६१७ साली ट्रॅपेझियमचे तारे दुर्बिणीतून बघितले, चित्र काढून ठेवलं, पण तेजोमेघाबद्दल एक अक्षर लिहिलं नाही. त्याच्या आधीच, १६१० साली, पेरेस्क नावाच्या फ्रेंच माणसानं तो नोंदवला होता. मेसिए या फ्रेंच खगोलज्ञानं आपल्या यादीत ४२ नंबर दिला १७६९ मध्ये, आणि ३० सप्टेंबर १८८० ला अमेरिकेत हेन्री ड्रेपरनं त्याचा फोटो काढला, कुठल्याही तेजोमेघाचा पहिला फोटो तोच.

आमच्या फॅमिली ग्रुपवर फॉरवर्ड आलाय की मृगातला लाल तारा या वर्षी फुटणार, आकाशात दोन सूर्य दिसणार, रेडिएशननं पिकं जळणार. आजी तर देव पाण्यात घालून बसलीय. खरं काय? — लातूर

लायगो (गुरुत्वलहरी पकडायचं यंत्र) औंढ्याला होतंय आमच्याकडं, त्यात हा स्फोट कळेल का? — हिंगोली

दोघांना एकत्र उत्तर देतो, लातूरकरांच्या आजीला आधी. आजी, देव पाण्यातून काढा, त्यांना थंडी वाजत असेल.

हा तारा काक्षी, इंग्रजीत बीटलज्यूस. आर्द्रा नक्षत्र म्हणतात ते याचंच, २२ जूनच्या आसपास सूर्य त्याच्या जवळ असतो. हरणाच्या चार पायांपैकी एक, लालसर, ओळखायला सोपा. तो म्हातारा आहे हे खरं. फुगून एवढा झालाय की सूर्याच्या जागी ठेवला तर बुध, शुक्र, पृथ्वी, मंगळ सगळे त्याच्या पोटात. फुटणार हेही खरं. पण शास्त्रज्ञ 'लवकरच' म्हणतात तेव्हा त्यांच्या डोक्यात पुढची लाखभर वर्षं असतात, आणि फॉरवर्ड करणाऱ्याच्या डोक्यात पुढची अमावस्या असते.

अफवेला खतपाणी मिळालं ते २०१९ च्या शेवटी. काक्षी एकाएकी मंद व्हायला लागला आणि फेब्रुवारी २०२० मध्ये नेहमीच्या निम्म्याहून कमी तेजावर आला. मी स्वतः तेव्हा गच्चीवरून बघत होतो, रोहिणीपेक्षा ठळक असणारा तारा तिच्यापेक्षा फिका, हरणाचा एक पाय लंगडा झाल्यासारखं वाटत होतं. सगळीकडं बोंब, आता फुटतोय. मग चिलीमधल्या मोठ्या दुर्बिणीच्या फोटोंवरून २०२१ मध्ये उलगडा झाला, ताऱ्यानं गॅसचा लोट बाहेर फेकला होता, पृष्ठभागाचा एक भाग थंड पडला आणि त्या लोटाची धूळ होऊन ती बरोबर आपल्या नजरेच्या आड आली. वसंतापर्यंत तारा परत नेहमीसारखा.

आता ताजी बातमी. काक्षीचं तेज साधारण चारशे दिवसांनी खालीवर होतं आणि त्याशिवाय सहाएक वर्षांचं अजून एक चक्र आहे. त्या मोठ्या चक्रावरून २०२४ मध्ये काही जणांनी गणित मांडलं की याला एक छोटा जोडीदार असावा, आणि जुलै २०२५ मध्ये हवाईतल्या जेमिनी नॉर्थ दुर्बिणीनं तो टिपल्याचं जाहीर झालं. जागा गणिताशी जुळते, पण फोटोतला ठिपका फार पुसट आहे, त्यामुळं मी तरी याला अजून 'बहुतेक' याच खान्यात ठेवतो.

फुटला तर काय होईल? अर्ध्या चंद्राएवढं तेज, दिवसासुद्धा दिसेल, काही महिने टिकेल. दुसरा सूर्य वगैरे काही नाही. घातक किरणांचा खरा त्रास व्हायला असा स्फोट पन्नासेक प्रकाशवर्षांच्या आत व्हावा लागतो, आणि काक्षी आहे पाचशे ते सातशे प्रकाशवर्षं लांब. तुरीच्या एका शेंगेलाही धक्का लागणार नाही. १०५४ साली मृगाच्या शेजारीच, वृषभेच्या शिंगाजवळ, एक तारा फुटलेला चिनी लोकांनी नोंदवून ठेवलाय, २३ दिवस तो भर दिवसा दिसत होता. जग बुडालं नाही.

हिंगोलीकर, तुमचा प्रश्न जास्त इंटरेस्टिंग आहे. असा तारा फुटतो तेव्हा आधी त्याचा गाभा कोसळतो, ते पूर्ण आतल्या आत. प्रकाश बाहेर यायला वेळ लागतो कारण वर ताऱ्याचा सगळा डोलारा असतो. न्यूट्रिनो नावाचे बारीक कण मात्र कशात न अडकता सरळ निघतात. १९८७ च्या फेब्रुवारीत शेजारच्या छोट्या दीर्घिकेत तारा फुटला तेव्हा जपान, अमेरिका आणि रशियातल्या यंत्रांनी न्यूट्रिनो पकडले ते प्रकाश दिसायच्या काही तास आधी. गुरुत्वलहरी, म्हणजे अवकाशालाच बसणारे हेलकावे, त्याही गाभा कोसळतानाच निघतात, आणि काक्षीएवढ्या अंतरावरून त्या लायगोसारख्या यंत्रात पकडता याव्यात अशी आशा आहे. औंढ्याच्या लायगोला केंद्रानं एप्रिल २०२३ मध्ये २६०० कोटी मंजूर केलेत. आधी यंत्र उभं राहू द्या, काक्षीला घाई नाही.

मृग नक्षत्रात ग्रह आहेत का? यूट्यूबवर एक म्हणतो शेकडो सापडले, दुसरा म्हणतो तीन सूर्यांचा ग्रह सापडला. नक्की काय? आणि तिथं कोणी राहत असेल का? — बारावी सायन्स, नांदेड

दोघंही अर्धं खरं बोलतात, आणि ते अर्धं कुठलं तेच बघायचंय.

आधी हे डोक्यातून काढ की मृग ही एक जागा आहे. रात्री हायवेवर समोरून दिवे येतात, मोटारसायकल जवळ, ट्रक दोन किलोमीटर लांब, अंधारात सगळे एकाच रांगेत वाटतात, तसं हे हरणाचं चित्र आहे. बेलाट्रिक्स हा पाय अडीचशे प्रकाशवर्षांवर, राजन्य हा निळसर पाय साडेआठशेवर, तेजोमेघ तेराशेवर. तेव्हा 'मृगात ग्रह' म्हणजे त्या दिशेला कुठल्याही खोलीवर.

त्या दिशेला पक्के म्हणावेत असे ग्रह आहेत. एचडी ३८५२९ नावाचा एक तारा आहे, बाणापासून फार लांब नाही, अंधाऱ्या रानातून डोळ्यांना जेमतेम दिसेल एवढा, अंतर १३८ प्रकाशवर्षं. त्याच्याभोवती १४ दिवसांत फेरी मारणारा गुरूसारखा ग्रह २००० सालीच सापडलाय. त्याच्याबाहेर अजून एक जण आहे पण तो इतका वजनदार निघाला की त्याला ग्रह म्हणावं की अर्धवट तारा यावर वाद. ही झाली साधी केस, पण यूट्यूबवर हिचा कुणी व्हिडिओ काढत नाही, कारण यात थ्रिल नाही.

थ्रिल आहे ते तीन सूर्यांत. जीडब्ल्यू ओरायनिस, हरणाच्या डोक्याच्या भागात, म्हणजे खऱ्याखुऱ्या मृगशीर्षात. तीन तारे एकमेकांभोवती फिरतायत आणि भोवती धुळीची तीन कडी, त्यातलं आतलं कडं बाकीच्यांच्या मानानं चांगलंच तिरपं झालंय. २०२० मध्ये त्याची चित्रं आली. कड्यांच्या मधे फट आहे, आणि ती फट कशानं पडली? एक गट म्हणतो तिन्ही ताऱ्यांच्या ओढाताणीनं चकती फाटली. दुसरा गट म्हणतो नुसत्या ताऱ्यांनी ते जमत नाही, तिथं ग्रह असणार. ग्रह कुणी बघितलेला नाही, फट बघितलीय. शेतात पाणी नाही म्हणजे पाट फुटला असणार हा अंदाज बरोबर असू शकतो, पण जाऊन बघितल्याशिवाय शेजाऱ्याशी भांडू नये.

असा एक अंदाज सपशेल आपटलेलाही आहे. पीडीएस ११० हा मृगातलाच एक तरुण तारा. २००८ आणि २०११ मध्ये त्याचं तेज दोन-तीन आठवडे तीस टक्क्यांनी उतरलं. दोन्हींत अंतर ८०८ दिवसांचं, त्यावरून म्हटलं गेलं की मोठ्या कड्यांचा एखादा ग्रह समोरून जातोय आणि पुढची वेळ येईल सप्टेंबर २०१७ मध्ये. जगभरातल्या हौशी लोकांनी दुर्बिणी लावून ठेवल्या. सप्टेंबर आला, गेला, ग्रहण काही लागलं नाही. बहुधा धुळीचे ढग होते. मला ही गोष्ट फार आवडते, कारण यात कुणी लपवाछपवी केली नाही, तारीख आधी छापली आणि नाही झालं तेही छापलं. बुवाबाजीत तारीख चुकली की लगेच नवी तारीख येते.

'शेकडो ग्रह' हे तेजोमेघातलं. ऑक्टोबर २०२३ मध्ये जेम्स वेबच्या फोटोंतून ट्रॅपेझियमच्या आसपास गुरूएवढ्या वजनाच्या शेकडो सुट्या वस्तू दिसल्याचा दावा झाला, कुठल्याच ताऱ्याभोवती न फिरणाऱ्या, आणि त्यांत चाळीसेक तर जोड्या! ताऱ्यांच्या जन्माच्या थिअरीत हे बसत नाही, ग्रहांच्याही बसत नाही, म्हणून खळबळ. मग २०२४ मध्ये दुसऱ्या अभ्यासकानं तेच फोटो तपासून म्हटलं की यातले बरेचसे मागचे, लांबचे, धुळीमुळं लाल दिसणारे तारे आहेत. एका जोडीकडून रेडिओ लहरी आल्याचंही दरम्यान सापडलंय, ती मात्र तिथलीच दिसतेय. वाद चालू आहे, आणि यूट्यूबवाल्यानं तुला पहिलाच अंक दाखवला.

माझ्या मते खरी मोठी गोष्ट वेगळीच आहे. हबल दुर्बिणीनं या तेजोमेघात नव्या ताऱ्यांभोवती दीडशेहून जास्त चकत्या दाखवल्यात, गॅस आणि धुळीच्या, ज्यांतून पुढं ग्रह होतात. काही चकत्या ट्रॅपेझियमच्या माऱ्यानं उकळून उडून चालल्यात, म्हणजे ग्रह व्हायच्या आधीच माल संपतोय. अशाच एका चकतीत २०२३ मध्ये मिथाइल कॅटायन सापडलं, कार्बनी रसायनं पुढं बनायला लागतं ते. तू केमिस्ट्रीत कार्बोकॅटायन शिकला असशीलच, तेच. आणि जुलै २०२५ मध्ये तर हॉप्स-३१५ नावाच्या अगदी कोवळ्या ताऱ्याभोवती गरम वाफेतून खनिजांचे पहिले कण घट्ट होताना पकडले, सिलिकॉन मोनॉक्साइड, सिलिकेटचे स्फटिक, आपल्या लघुग्रहांचा पट्टा आहे साधारण तेवढ्या अंतरावर. आपली पृथ्वी ज्या दगडांतून झाली त्यांची सुरुवात अशीच झाली असणार असं उल्का तपासून म्हणत होते, आता ती दुसरीकडं होताना दिसली.

कोणी राहत असेल का? राजन्य, काक्षी यांच्याकडून अपेक्षा ठेवू नकोस. हे दांडगे तारे कोटीभर वर्षांत आटपतात. पृथ्वीला साडेचारशे कोटी वर्षं लागली तुला यूट्यूब बघायला बसवायला.

थोडक्यात

*घोड्याच्या डोक्याचा तेजोमेघ माझ्या तीन इंची दुर्बिणीतून दिसेल का? (जालना)* नाही. बाणाच्या पूर्वेकडच्या ताऱ्याखाली तो आहे, पण फोटोतच बघावा. सापडलाही फोटोतच, १८८८ मध्ये हार्वर्डच्या काचेवर, विल्यमिना फ्लेमिंग या बाईंना.

*बाणावरून दिशा कळते म्हणतात, कशी? (धाराशिव)* बाणातला पहिला उगवणारा तारा, मिंटाका, जवळजवळ खगोलीय विषुववृत्तावर आहे, म्हणजे पृथ्वीच्या विषुववृत्ताच्या बरोबर वरच्या आकाशातल्या रेषेवर. त्यामुळं तो पृथ्वीवर कुठूनही उगवताना बरोबर पूर्वेला आणि मावळताना बरोबर पश्चिमेला. वास्तुवाल्याला हजार रुपये द्यायच्या आधी एकदा बघून घ्या.

माझ्याकडं दुर्बीण नाही, घ्यायची ऐपतही नाही. तरी काही उपयोगाचं काम करता येईल का? — शिक्षक, जिल्हा परिषद शाळा, भोकरदन तालुका

गुरुजी, येईल, आणि मुलांना घेऊन येईल. काक्षीचं तेज डोळ्यांनी मोजा. त्याच्या एका बाजूला प्रश्वा हा तारा, तेज ०.३४ (हा आकडा जितका लहान तितका तारा ठळक). दुसरीकडं रोहिणी, ०.८५ च्या आसपास. काक्षी बहुतेक वेळा या दोघांच्या मधे असतो. प्रश्व्यापेक्षा किती कमी आणि रोहिणीपेक्षा किती जास्त वाटतो ते मनानं ठरवायचं आणि मधला आकडा लिहायचा. मंद पडला तर बेलाट्रिक्सशी तुलना करा, तो १.६४, फेब्रुवारी २०२० मध्ये काक्षी तिथपर्यंत उतरला होता. तिन्ही तारे साधारण सारख्या उंचीवर असताना बघा, नाहीतर क्षितिजाजवळचा तारा उगाच फिका वाटतो. लाल ताऱ्याकडं टक लावून बघू नका, तो आहे त्यापेक्षा ठळक वाटायला लागतो, नजर पटकन फिरवायची. प्रत्येक मुलानं आपला आकडा वेगळा लिहावा, एकमेकांचं बघून नाही. वहीत तारीख, वेळ, आकडा आणि चंद्र होता का, ढग होते का एवढं. आठवड्यातून एकदा पुरे, ऑक्टोबर ते एप्रिल. बदलत्या ताऱ्यांच्या नोंदी गोळा करणारी अमेरिकेतली जुनी संस्था आहे, एएव्हीएसओ, ती अशा डोळ्यांनी घेतलेल्या नोंदी जगभरातून ऑनलाइन घेते. पहिले दोन महिने आकडे इकडंतिकडं होतील, होऊ द्या, पण खोडून दुरुस्त करू नका.